सायकलवाल्यांची सावड

"सज्जनहो," वेनान्सिओ उस्का रोज सकाळी पेरूतल्या आमच्या चिंचेरोच्या चौकात दोन्ही हात आभाळाकडे नेऊन सांगतो, "एक्वादोरपासून चिलीपर्यंत पसरलेलं महान साम्राज्य आमच्या पूर्वजांनी चाकावाचून उभं केलं! ज्या चाकावाचून तुमच्या संस्कृतीला एक पाऊल टाकता येत नाही, त्या चाकाची इंकांना कधी गरजसुद्धा भासली नाही!"

त्या दिवशी हे वाक्य संपलं आणि त्याच्याच सायकलीच्या पुढच्या चाकातून फुस्स करून हवा गेली.

पाहुण्यांना वाटलं, हा कार्यक्रमाचाच भाग आहे. त्यांनी टाळ्या वाजवल्या. मी पिकअपमधून पंप आणि ठिगळाची डबी काढून दिली. मी या भागातला निवृत्त मास्तर. अडतीस वर्षं शाळेत भूगोल शिकवला, आणि आता सायकलींच्या मागून पिकअप चालवत नेतो. म्हणजे विषय तोच, फक्त वेग ताशी बारा किलोमीटर. वेनान्सिओ माझाच विद्यार्थी. वर्गात त्याला एक प्रश्न विचारला की तो तीन प्रश्नांची उत्तरं द्यायचा, आणि त्यात विचारलेल्या प्रश्नाचं उत्तर नसायचं. असा मुलगा वाटाड्या होणार हे मी तेव्हाच ओळखलं होतं.

पाहुणे चार होते. नॉर्वेच्या मार्गिटबाई, वय एकाहत्तर, आयुष्यभर गाई सांभाळलेल्या. तरुणपणी बोलिव्हियात सुईणीचं काम केल्यामुळे त्यांना आमच्यासारखं स्पॅनिश येत होतं, आमच्याहून थोडं शुद्धच. दुसरा डेटलेफ नावाचा जर्मन इंजिनिअर. त्याच्या सायकलीच्या दांडीवर एक यंत्र होतं. उंची, उतार, वारा, स्वतःच्या हृदयाचे ठोके, सगळं त्यात दिसायचं. आणि टोरोंटोचं एक जोडपं, लग्नाला अकरा दिवस झालेलं. त्यांचं भांडण लिमाच्या विमानतळावर सुरू झालं होतं आणि अजून रंगात होतं.

चिंचेरोतून बाहेर पडल्यावर एका वळणावर मातीच्या विटांच्या चार भिंती उभ्या होत्या, वर छप्पर नाही. डेटलेफने ब्रेक लावला.

"हे कुठलं अवशेषस्थळ?"

वेनान्सिओने त्या भिंतींकडे एकदा पाहिलं आणि पायडल मारत म्हणाला, "पंधरावं शतक. अपूर्ण."

डेटलेफने फोटो काढला. त्या भिंती वेनान्सिओच्याच घराच्या होत्या, आणि तोच त्याचा घोर होता.

भिंती ऑगस्टमध्ये उभ्या राहिल्या. आता ऑक्टोबर सरत आला होता. आमच्याकडे एकदा पाऊस लागला की उघड्या कच्च्या विटांची भिंत राहत नाही, तिची लापशी होते. येत्या रविवारी कौलं चढवायची ठरली होती. पण छप्पर घालायला आमच्या डोंगरात कोणी मजूर लावत नाही. लावलाच तर लोक समजतात, घरात कोणाचं कोणाशी बोलणं नाही. इथे सावड चालते. आज मी तुझ्या छपरावर, उद्या तू माझ्या. दिवसाला दिवस, कामाला काम. जो सावडीला गेला नाही, त्याच्या छपरावर फक्त आभाळ असतं.

आणि नेमकं आमच्या या फेरीच्या दिवशी पुकापाम्पा गावात मेलितोनच्या घरावर कौलं चढत होती. मेलितोन हा वेनान्सिओचा कोंपाद्रे. वेनान्सिओच्या थोरलीला नामकरणाच्या वेळी चर्चमध्ये हातांत धरलं ते त्यानेच. एवढ्या नात्याच्या माणसाला वेनान्सिओने मक्याच्या दारूच्या, म्हणजे चिचाच्या, पाचव्या पेल्यावर शब्द दिला होता: "मी येतो, आणखी तीन माणसं आणतो!" नंतर कळलं, त्याच तारखेला सायकलींची फेरी आहे. फेरी रद्द करावी तर कंपनीने आधीच बजावलं होतं, या हंगामात दोनदा झालं, तिसऱ्यांदा झालं तर पुन्हा तोंड दाखवू नकोस. मग त्याने पहाटे बायकोकरवी निरोप धाडला: पोटात भयंकर कळ, अंथरुणातून उठवत नाही.

"मास्तर, पुकापाम्पा आपल्या रस्त्यावर नाहीच," त्याने मला डोळा घातला होता. "कोण बघतंय?"

मोरायच्या अवशेषांपाशी सगळं सुरळीत पार पडलं. एकात एक उतरत गेलेले ते दगडी गोल बघून टोरोंटोच्या नवऱ्याला चक्कर आली आणि बायको म्हणाली, तो मुद्दाम करतोय. वेनान्सिओने इंकांची शेती सांगितली, डेटलेफने प्रत्येक पायरीची उंची मोजून ती चुकीची नाही असं जाहीर केलं. आता मिठागरं, मग खाली नदी, मग जेवण.

तेवढ्यात यंत्र वाजलं.

"मिठागरांना जवळचा रस्ता आहे," डेटलेफ म्हणाला. "दोन पूर्णांक तीन किलोमीटरने कमी. एका वस्तीतून जातो. पुका... पुकापाम्पा."

वेनान्सिओच्या चेहऱ्यावरचा रंग उडाला. "त्या रस्त्याला कुत्री फार आहेत."

"मला कुत्री आवडतात," मार्गिटबाई म्हणाल्या.

"एक बैलही आहे. माजलेला."

"बैल तर फारच आवडतात."

"दरड कोसळलीय!"

डेटलेफने यंत्राला विचारलं. दरड नव्हती.

"तिथे भूत आहे," वेनान्सिओ शेवटी म्हणाला. हे ऐकून टोरोंटोचं जोडपं लग्नानंतर पहिल्यांदा एकमताने ओरडलं, "चला!"

चौघे सुटले. वेनान्सिओ मागे राहिला. पिकअपच्या खिडकीशी येऊन म्हणाला, "मास्तर, काहीतरी करा. तुम्ही माझे गुरुजी."

"पोट दुखतंय म्हणून पिकअपमध्ये आडवा हो."

"वाटाड्या आडवा झाला तर कंपनी काढून टाकेल."

"मग सायकल चालव."

पिवळंजर्द हेल्मेट, त्याहून पिवळा कंपनीचा सदरा, असा तो पुकापाम्पात शिरला तेव्हा छपराच्या वाशांवर अकरा माणसं बसलेली होती आणि त्या अकराही जणांना सगळी दरी स्वच्छ दिसत होती. एकेकाचा हात थांबला. कौलं देणाऱ्यांची रांग थांबली. चिखल तुडवणारे थांबले. चिचाच्या रांजणाशी बसलेली मेलितोनची आई, ऐंशी वर्षांची मामाय हिलारिया, तिने तेवढं कोकाची पानं चघळणं थांबवलं नाही.

मेलितोन आढ्यावर उभा होता. त्याने अगदी मायेने विचारलं, "पोट कसं आहे, कोंपाद्रे?"

वेनान्सिओ सायकलवरून उतरला. "आहे... आता जरा..."

"डोक्यावर हे पिवळं भांडं घातल्याने कळ थांबते का? नाही, आमच्या म्हातारीलाही त्रास आहे, म्हणून विचारलं."

छपरावर खसखस पिकली. माणूस अशा वेळी एकतर पळतो किंवा भाषण करतो. वेनान्सिओला पळता चांगलं येत नाही.

"कोंपाद्रे!" तो गरजला. "मी म्हणालो होतो तीन माणसं आणतो. आणली चार! आणि कुठून कुठून आणली बघ. ही बाई नॉर्वेहून आलीय तुझ्या छपरासाठी!" मग लगेच वळून पाहुण्यांना इंग्रजीत, तितक्याच ठसक्यात: "मित्रहो, आता आपल्या फेरीचा गुप्त भाग. माहितीपत्रकात नाही. जिवंत वारसा! मोरायला आपण मेलेले दगड पाहिले, इथे आपण स्वतः..." तो क्षणभर अडखळला, "...चिखल तुडवणार आहोत."

मला वाटलं, झालं, आता कंपनीला फोन जाणार. पण मार्गिटबाईंनी तोवर बूट काढले होते.

पुढचे पाच तास मी गाडीच्या फळीवर बसून पाहिले. माझ्या गुडघ्यांमुळे मला सावडीतून सूट आहे. मी फक्त बटाटे सोलतो.

मार्गिटबाई गुडघाभर चिखलात उतरल्या आणि बाहेर यायचं नावच घेईनात. गवत टाका, पाणी टाका, असे हुकूम सोडत त्यांनी दोन तरण्या माणसांना दमवलं. डेटलेफ छपरावर चढला, वाशांवर यंत्र ठेवलं आणि म्हणाला की पश्चिमेच्या बाजूचा उतार दोन अंशांनी कमी आहे. त्याने तीन वासे उतरवून पुन्हा बसवायला लावले. मेलितोन दात ओठ खात होता, पण पाहुण्याच्या हाताला नाही म्हणायचं नसतं. चिचाचा पेला हातात येताच डेटलेफचा तोल गेला आणि अर्धी चिचा जमिनीवर सांडली. सगळे खूश झाले. पहिला घोट धरणीमातेला द्यायचं या गोऱ्या ग्रिंगोला कोणी शिकवलं म्हणून मला विचारू लागले. मी म्हणालो, जर्मनीत शाळा चांगल्या आहेत.

टोरोंटोचा नवरा तीन कौलं उचलून निलगिरीखाली झोपला, तो दोन तास उठलाच नाही. त्याची बायको रांगेत उभी राहिली. पण प्रत्येक दहाव्या कौलाला ती सगळी रांग थांबवायची, सगळ्यांना हसायला लावायची आणि फोटो काढायची. मधेच निलगिरीकडे बघून नवऱ्याच्या नावाने काहीतरी म्हणायची, त्याचं भाषांतर वेनान्सिओने केलं नाही.

आणि वेनान्सिओ? तो खाली उभा राहून इंग्रजीत सांगत होता. कौल म्हणजे काय, चिखल म्हणजे काय, इंकांना चिखल कसा माहीत होता.

उन्हं कलायला लागली. आढ्यावर घराच्या राखणीचे मातीचे दोन बैल चढवायची वेळ आली. सगळे उभे राहिले, टोप्या काढल्या. मामाय हिलारियाने कोकाची तीन-तीन पानं धरून डोंगरांची नावं घेतली. वारा पडला. त्या शांततेत मार्गिटबाई मला हळूच म्हणाल्या, "चहा सुंदर आहे. पण लिंबाची फोड मिळेल का?"

साडेतीन हजार मीटरवर लिंबं लागत नाहीत. पण बाई सकाळपासून चिखलात होत्या. मेलितोनचा मेहुणा वेनान्सिओची सायकल घेऊन मारास गावात गेला, एक लिंबू घेऊन धापा टाकत परत आला, तोवर बैल आणि डोंगर दोघेही थांबले. मग बैल चढले.

जेवणात भाजलेला कुय, म्हणजे आमच्याकडचा गिनीपिग होता, उकडलेला मका होता, मिरचीची चटणी होती. टोरोंटोचा नवरा उठून बसला होता आणि बायकोशी चक्क प्रेमाने बोलत होता, झोपेमुळे असेल. मेलितोन उभा राहिला. त्याने चौघांपुढे एकेक करून मान झुकवली.

"चार माणसांचे चार दिवस माझ्या अंगावर आहेत," तो म्हणाला. "तुमच्या छपराचं काम निघालं की सांगावा धाडा. मी येईन."

मार्गिटबाईंनी हे इंग्रजीत सांगितलं. डेटलेफ गंभीरपणे म्हणाला, "मी इमारतीच्या सातव्या मजल्यावर राहतो. छप्पर माझं नाही."

"मग वर कोण राहतं?"

"एक दंतवैद्य."

"त्याला विचारून ठेवा," मेलितोन म्हणाला.

वेनान्सिओने घसा साफ केला. "बरं कोंपाद्रे, मग रविवारी माझ्याकडे किती जण..."

"तुझ्याकडे? कशाबद्दल?"

"अरे, मी चार माणसं आणली!"

"तू कुठली आणलीस? त्यांना जर्मनाच्या यंत्राने आणलं. तू शेवटून आलास, ते सगळ्यांनी वरून पाहिलं. आणि दिवसभर केलंस काय?"

"समजावून सांगितलं."

"काय?"

"छप्पर कसं घालतात ते."

"कोणाला? छपरावर बसलेल्यांना?"

या वेळी कोणी हसलं नाही. वेनान्सिओ पेल्यात बघत बसला. त्याला एकदम म्हातारा झालेला बघून मला बरं वाटलं नाही. रविवारी कोणी आलं नाही तर महिनाभराने त्याची बायको-मुलं पुन्हा सासऱ्याच्या कोंबड्यांशेजारच्या खोलीत असणार होती, आणि भिंती ओढ्यात.

"काय झालं?" मार्गिटबाईंनी मला विचारलं. मी सांगितलं: सावड, निरोप, पोट, रविवार, भिंती.

"सकाळच्या त्या भिंती? पंधराव्या शतकातल्या?"

"त्याच."

बाई एवढ्या हसल्या की त्यांना चहा खाली ठेवावा लागला. मग उठून मेलितोनपुढे गेल्या. "माझ्या घरावर मुलाने मागच्याच वर्षी पत्रे टाकले. माझा दिवस तुम्ही यांच्या घरी फेडा." टोरोंटोचं जोडपं म्हणालं, आमचेही. डेटलेफ थोडा वेळ दंतवैद्याचा विचार करत होता, पण तोही हो म्हणाला.

सगळ्या नजरा मामाय हिलारियाकडे गेल्या. असली बाब पुकापाम्पात आधी कधी आली नव्हती.

"नाही," म्हातारी म्हणाली. "सावड म्हणजे कोंबडी नव्हे, याच्याकडून घेतली आणि त्याला देऊन टाकली. जिने काम केलं तिच्याच दारी फेडायची." मग तिने मार्गिटबाईंना विचारलं, "तुझ्याकडे थंडी किती पडते गं?"

"उणे वीस."

म्हातारीने आपल्या एकुलत्या एका मुलाकडे बघितलं. "देता येते," ती म्हणाली. "पण जशी घेतली तशीच फेडायची, मेलितोन. जास्त नको, कमी नको. परक्या लोकांत आपलं नाव जायला नको."

"आणि माझा दिवस, मामाय?" वेनान्सिओने हळूच विचारलं.

"तुझा कसा नाही? तू आमच्याकडे दिवसभर बोललास. तेही फेडू."

मिठागरं त्या दिवशी राहूनच गेली. चौघांनी कंपनीला लिहून कळवलं की असा वारसा त्यांनी उभ्या जन्मात पाहिला नव्हता. वेनान्सिओची नोकरी वाचली.

रविवारी पहाटे मी बटाटे सोलायचा सुरा घेऊन वेनान्सिओकडे गेलो. आभाळ दक्षिणेकडून काळवंडत होतं. वेनान्सिओचे दोन मेहुणे होते, बायको होती, आणि रस्त्यावर कोणी नव्हतं. सात वाजले. वेनान्सिओने तीनदा कौलं मोजली. मग वळणावर पुकापाम्पाची मंडळी दिसली: मेलितोन, त्याचा चुलतभाऊ, मेहुणा, मेहुण्याची बायको, आणि मागून काठी टेकत म्हातारा सिरियाको. सिरियाको हा तीन गावांत बडबडीसाठी नावाजलेला. त्याच्या शेजारी बसायला नको म्हणून लोक प्रार्थनेला उशिरा जातात.

"आलास, कोंपाद्रे!" वेनान्सिओ धावतच पुढे आला.

"मी मार्गिटबाई," मेलितोन म्हणाला, बूट काढले आणि चिखलात उतरला.

मला वाटलं, गंमत करतोय. पण मेलितोन बारा वर्षांचा असल्यापासून मी त्याला ओळखतो, त्याने एकदाही गंमत केलेली नाही.

मेहुण्याने तीन कौलं उचलली, जमिनीवर ठेवली आणि निलगिरीखाली जाऊन झोपला.

"अरे, याला काय झालं?"

"तो टोरोंटोचा आहे," मेलितोन म्हणाला. "दोन तास."

मेहुण्याची बायको रांगेत उभी राहिली. दर दहाव्या कौलाला तिने रांग थांबवली, वेनान्सिओचाच मोबाइल मागून घेऊन सगळ्यांचे फोटो काढले, आणि झोपलेल्या नवऱ्याच्या नावाने बोटं मोडली. हे शेवटचं तिला विशेष जमत होतं. चुलतभावाने छपरावर चढून वाशावर पाण्याची अर्धी बाटली आडवी ठेवली, एक डोळा मिटला आणि सांगितलं, "पश्चिमेला दोन अंश कमी आहे. तीन वासे उतरवा."

"कशावरून?" वेनान्सिओ ओरडला.

"ते मला काय माहीत? तिकडे तेवढंच कमी होतं."

वासे उतरले, पुन्हा बसले. त्यानेही अर्धा पेला चिचा सांडली, मोजून.

आणि सिरियाको! तो वेनान्सिओच्या पाठोपाठ फिरत होता. वेनान्सिओ कौलं उचलतोय, सिरियाको सांगतोय कौल म्हणजे काय. वेनान्सिओ शिडीवर, सिरियाको शिडीखाली. चिखल म्हणजे काय, त्याच्या आजोबांच्या काळी चिखल कसा असे, तो आजोबा कोणाचा कोण.

"ताय्ता, मला माहीत आहे हे सगळं!" वेनान्सिओ काकुळतीला आला.

"आम्हालाही माहीत होतं, बाळा," सिरियाको म्हणाला आणि आजोबांच्या खेचरावर आला.

दुपारी गडगडायला लागलं. अर्धं छप्पर उघडं. वेनान्सिओने वर पाहिलं आणि तो दोन-दोन कौलं उचलायला लागला. तेवढ्यात दोन तास पुरे झाले. मेहुणा उठला, आळस दिला, बायकोशी प्रेमाने एक वाक्य बोलला (ती दचकली) आणि कामाला लागला. मेलितोन सावडीला आलाय हे बघून चिंचेरोचे चौघे शेजारी लाजेकाजेने आले, मग आणखी सहा. रस्त्याने जाणारा एक पाववालासुद्धा अडकला. त्याला कोणी सोडलंच नाही. कौलं नुसती उडत होती. शेवटचं कौल बसलं तेव्हा पहिला थेंब माझ्या बटाट्यावर पडला. आत मात्र जमीन कोरडी होती. वेनान्सिओची बायको आत जाऊन उगाचच भिंतीवरून हात फिरवत राहिली.

वेनान्सिओ हातात मातीचे दोन बैल घेऊन शिडीवर चढला. लोकांनी टोप्या काढल्या. पाऊस अंगावर येत होता, कोणी हललं नाही. सिरियाकोसुद्धा गप्प झाला. वेनान्सिओला मात्र राहवेना.

"बंधूंनो," तो म्हणाला, "आज मला कळलं. आमच्या पूर्वजांनी चाकावाचून साम्राज्य उभं केलं, ते कशावर? माणसाने माणसाला दिलेल्या दिवसावर! जोवर या डोंगरांत एक माणूस दुसऱ्याचा दिवस विसरत नाही, तोवर..."

"कोंपाद्रे," खालून, गुडघाभर चिखलातून, मेलितोनने हात वर केला. त्याच्या दुसऱ्या हातात चहाचा पेला होता. "चहा सुंदर आहे. पण लिंबाची फोड मिळेल का?"